ड्रॅक्युलाचं बारसं

सामान फार घेऊ नका. जाडसर लोकरी कोट, डोक्याला टोपी आणि चिखलाला न घाबरणारे बूट एवढं पुरे. मोबाइल घरीच राहू दे. निघालोय तिथे तो बाहेर काढलात तर भोवती गर्दी जमेल, आणि आपल्याला तर कुणाच्या नजरेत न भरता एका माणसाच्या मागे मागे फिरायचंय.

ऑगस्ट १८९०. यॉर्कशायरच्या किनाऱ्यावर, व्हिटबीच्या स्टेशनात तुम्ही आगगाडीतून उतरताय. खिडकी उघडी ठेवायचा हट्ट तुमचाच होता, तेव्हा डोळ्यात गेलेला कोळशाचा कण आता रुमालाच्या टोकाने निमूट काढा. ट्रंका उचलणाऱ्या हमालांचे धक्के चुकवत बाहेर या. पहिली गाठ पडते ती वासाशी. बंदरात हेरिंग उतरतेय. टोपल्या, मिठाची पिंपं, डांबर फासलेली जाळी, पायाखाली खवल्यांनी निसरडी झालेली फरशी. मासे साफ करणाऱ्या बायका ओळीने उभ्या आहेत. सुरीने कापू नये म्हणून त्यांनी बोटांना चिंध्या गुंडाळल्यात, आणि हात इतके भराभर चालताहेत की एक मासा कधी संपला नि दुसरा कधी हातात आला ते कळत नाही. डोक्यावर सीगलांची कोकल. एकाने तुमच्या टोपीवर प्रसाद टाकलाच. पुसा आणि चला.

एस्क नदीने गावाचे दोन भाग केलेत. मधला पूल बोटींना वाट देण्यासाठी बाजूला फिरतो, आणि तो फिरला की दोन्ही काठांवर माणसं, हातगाड्या, घोडे तटून राहतात. तुम्हीही थांबा. पलीकडे जुनं गाव आहे. लाल कौलांची घरं एकमेकांच्या खांद्यांवर चढलीत, बोळ इतके अरुंद की समोरून टोपली घेऊन कुणी आलं तर भिंतीला पाठ लावावी लागते. कुठूनशी चाकांची घरघर ऐकू येते. हा जेटचा कारखाना. जेट म्हणजे इथल्या कड्यांतून निघणारा काळा खडा, कोट्यवधी वर्षांपूर्वी गाडल्या गेलेल्या लाकडाचा. नवऱ्याच्या मृत्यूनंतर व्हिक्टोरिया राणीने काळं नेसायला सुरुवात केली आणि देशभरच्या बायका शोकाचे दागिने म्हणून जेट घालू लागल्या. आता ती चलती ओसरत आलीय, तरी चाकं फिरताहेत. दारातून डोकावून बघा. पॉलिशच्या तांबड्या भुकटीने कारागिरांचे चेहरे, मिशा, पापण्यासुद्धा माखल्यात. त्या तांबड्या हातांतून काळाभोर मणी चमकत बाहेर पडतो.

आता मागे वळा, पूल ओलांडून पुन्हा पश्चिमेच्या बाजूला या आणि समुद्राकडे जाणाऱ्या रस्त्याला लागा. तो बघा, गर्दीत एक हात उंच निघणारा, तांबूस दाढीचा, भरदार अंगाचा गृहस्थ. वय बेचाळीस. चालण्यात घाई आहे. सुट्टीवर आला तरी कामाची सवय सुटलेली नाही. हा ब्रॅम स्टोकर. डब्लिनचा. लहानपणी सात वर्षांचा होईपर्यंत धड चालता न येणारा, आणि मोठेपणी ट्रिनिटी कॉलेजात खेळात बक्षिसं मिळवणारा. डब्लिन कॅसलमध्ये सरकारी नोकरी केली, तिथल्या कारकुनांसाठी नियमांचं एक रुक्ष पुस्तकही लिहिलं. १८७८पासून लंडनच्या लायसियम थिएटरचा कारभार याच्या डोक्यावर आहे. तिकिटं, हिशेब, दौरे, रोजची ढीगभर पत्रं, आणि या सगळ्याच्या वर महान नट हेन्री अर्व्हिंगची मर्जी. इथे वेस्ट क्लिफवर रॉयल क्रेसेंटमधल्या ६ नंबरच्या घरात त्याने खोल्या घेतल्यात. बायको फ्लोरेन्स आणि मुलगा नोएलही सोबत राहणार आहेत. खिशात कागद आहेत, आणि गेल्या मार्चपासून त्या कागदांवर एक कादंबरी हळूहळू आकार घेतेय.

त्याच्या मागोमाग बंदराच्या रस्त्यावरच्या त्या इमारतीत शिरा. ही इमारत मला फार आवडते. खाली स्नानगृहं, मध्ये वर्गणीदारांचं वाचनालय, वर वस्तुसंग्रहालय. जिन्यात साबणाचा आणि ओल्या दगडाचा वास येतो, भिंतीला हात लावलात तर दमट लागते. माडीवर, तुमच्या डोक्याच्या बरोबर वर, इथल्या कड्यांतून खणून काढलेल्या मगरीचा अश्मीभूत सांगाडा ठेवलाय. खाली आंघोळ करणारी माणसं, वर युगांपूर्वी मेलेलं जनावर, आणि मधल्या मजल्यावर एक लेखक आपल्या पात्राचं नाव शोधतोय. एवढी सोय नशीबच करू जाणे!

बसा त्याच्या समोरच्या खुर्चीत. आवाज करू नका. बाहेरून मासळीच्या लिलावाची ओरड येतेय, आत पानं उलटल्याची सळसळ. त्याने मागवलेलं पुस्तक समोर येतं: विल्यम विल्किन्सन नावाच्या, बुखारेस्टमध्ये ब्रिटनचा वकील म्हणून राहिलेल्या गृहस्थाने वालाचिया आणि मोल्डाविया या संस्थानांवर लिहिलेलं, १८२०चं. सत्तर वर्षांचं झालेलं. पानं हाताला खरखरीत, कडा पिवळ्या. विषय काय, तर तिथला व्यापार, कर, राजकारण, चालीरीती. तुम्ही जांभई दाबताय हे मला दिसतंय. समोरचा माणूस मात्र वाचत राहतो. एका पानावर तुर्कांशी झुंजणारा, डॅन्यूब ओलांडून त्यांच्यावर चालून जाणारा एक सरदार येतो. आणि पानाच्या तळाला, बारीक अक्षरातल्या तळटीपेत, त्या सरदाराच्या नावाचा खुलासा. वालाचियाच्या भाषेत त्याचा अर्थ सैतान. शौर्य, क्रौर्य किंवा कावेबाजपणात नाव काढणाऱ्याला तिथले लोक ते उपनाव लावत.

स्टोकरची लेखणी थांबते, मग चालू लागते. अक्षर गिचमिड आहे, उलटं वाचणं तुम्हाला जमायचं नाही, पण एक शब्द त्याने मोठ्या अक्षरांत लिहिलाय. ड्रॅक्युला.

हा क्षण नीट बघून घ्या. वीज कडाडली नाही, वटवाघूळ खिडकीला धडकलं नाही. फ्रॉक कोट घातलेल्या एका नोकरदार माणसाने तळटीप उतरवून घेतली आणि ज्या पुस्तकातून घेतली त्याचा वाचनालयातला क्रमांकही कागदावर टिपला: ०.१०९७. झालं बारसं.

तोवर त्याच्या कागदांत त्या पात्राचं नाव काय होतं, ठाऊक आहे? काउंट वाम्पिर. म्हणजे भुताला भूतराव म्हणण्यातलाच प्रकार. गावही वेगळं होतं: ऑस्ट्रियातला स्टिरिया प्रांत. पात्रांच्या यादीत पुढे वाम्पिरवर रेघ मारली गेली आणि त्या जागी ड्रॅक्युला आला. स्टिरियाही खोडला गेला आणि तिथे ट्रान्सिल्व्हानिया बसला. या दोन खोडाखोडी झाल्या नसत्या तर नारायण धारपांच्या वाचकांनासुद्धा रक्तपिपासू सरदार म्हटल्यावर डोळ्यासमोर जे येतं ते आलं नसतं.

चला, तो उठला. आता तुमच्या पायांची परीक्षा आहे. पुन्हा पूल, पुन्हा जुने बोळ, हेन्रिएटा स्ट्रीटच्या तोंडाशी धुरी दिलेल्या हेरिंगचा असा झणका येतो की केसांत, कोटात, मिशीत तो दिवसभर मुक्काम करणार. तिथून चढत जातात एकशे नव्याण्णव पायऱ्या. मोजायच्या असतील तर मोजा, पण मोजताना दम लागतो आणि आकडा चुकतो. मधेमधे सपाट, रुंद टप्पे आहेत, बसायला बाकं आहेत. हायसं वाटलं ना? हे टप्पे शवपेटी वाहणाऱ्यांनी ओझं खाली ठेवून श्वास घ्यावा म्हणून आहेत. घ्या, तुम्हीही घ्या श्वास.

वर सेंट मेरीचं चर्च, मागे व्हिटबी ॲबीचे भग्न खांब, आणि कड्याच्या पार टोकापर्यंत पसरलेलं कबरस्तान. समुद्राचा वारा थेट अंगावर येतो, त्यात मीठ आहे; ओठ चाटून बघा. त्याच मिठाने थडग्यांचे दगड खाऊन टाकलेत. अक्षरं पुसट झालीत, बोटाने चाचपून वाचावी लागतात. अनेक थडग्यांवर कुठेतरी दूर बुडालेल्या खलाशांची नावं आहेत. खाली मातीत कुणीच नाही. स्टोकर दगडामागून दगड वाचत, नावं उतरवत जातो. त्यातलं एक नाव आहे स्वेल्स. कादंबरीत नायिका मिनाशी या कबरस्तानातल्या बाकावर बसून गप्पा मारणारा म्हातारा खलाशी याच नावाचा आहे, आणि ही रिकामी थडगी कशी खोटी आहेत हे तोच तिला सांगतो.

स्टोकरला मृत्यूच्या गोष्टी नव्या नाहीत. अंथरुणाला खिळलेल्या या पोराला आई शार्लट तिच्या स्लायगो गावातल्या १८३२च्या पटकीच्या साथीच्या हकीकती सांगायची. धुगधुगी असतानाच माणसं पुरली गेल्याच्या त्या हकीकती. पुढे त्याच्या आग्रहावरून तिने त्या लिहूनही काढल्या. स्टोकरचा अभ्यास करणारे आजही तो मजकूर बाजूला ठेवून कादंबरी वाचतात, आणि वाचायलाच हवी तशी.

कबरस्तानातल्या बाकावर तीन म्हातारे कोळी बसलेत. स्टोकर त्यांच्याजवळ जाऊन बसतो. देवमाशांच्या शिकारीच्या, हरवलेल्या जहाजांच्या गोष्टी चालल्यात. तुम्हाला त्यांचं बोलणं कळत नाहीये ना? इंग्रजीच आहे, पण व्हिटबीची. डब्लिनच्या या माणसालाही सगळं कळत नसणार. त्याने इथल्या बोलीचा एक छापील शब्दसंग्रह मिळवून त्यातले शब्द यादी करून उतरवलेत. स्वेल्सच्या तोंडी ते पुढे येतील आणि वाचकांच्या नाकी नऊ आणतील. माझ्या मते कादंबरीतला तो भाग थोडा जड झालाय, पण त्यामागची मेहनत बघितल्यावर लेखकावर रागावणं जमत नाही.

दुपारी धुकं चढतं. बघता बघता समोरचा धक्का, दीपस्तंभ, बोटी सगळं गिळून टाकतं. कोटाच्या लोकरीवर थेंब जमतात. अशा वेळी तटरक्षकांच्या चौकीत शिरायचं. शेगडीत कोळसा धगधगतोय, ओल्या लोकरीला आणि तंबाखूला मिळून एक जाड वास सुटलाय. विल्यम पेथरिक नावाचा तटरक्षक स्टोकरला जहाजं फुटल्याच्या हकीकती सांगतो. त्यातली एक कान देऊन ऐका. २४ ऑक्टोबर १८८५ची. वादळात सापडलेलं ‘दिमित्री’ नावाचं रशियन जहाज शिडं उभारून कसंबसं बंदराच्या तोंडातून आत आलं आणि चर्चच्या कड्याखाली टेट हिलच्या वाळूवर रुतलं. निघालं होतं नार्वाहून. पोटात वजनासाठी वाळू भरलेली. फ्रँक मेडो सटक्लिफ या इथल्या छायाचित्रकाराने त्या आडव्या पडलेल्या जहाजाचा फोटो काढला, तो आजही बघता येतो.

आता स्टोकरची करामत बघा. दिमित्रीचं तो डिमीटर करतो, नार्वाचं वार्ना, म्हणजे जहाज थेट काळ्या समुद्रातून निघतं. वाळू तशीच राहते, सोबत मातीच्या पेट्या येतात. सुकाणूला हात बांधलेला कप्तानाचा मृतदेह आणि किनाऱ्यावर उडी मारून अंधारात पळणारं कुत्र्यासारखं जनावर ही त्याची स्वतःची भर. वादळ, वाळू, किनारा, कडा सगळं खरं. फक्त उतारू खोटा. म्हणूनच तो उतारू खरा वाटतो.

संध्याकाळ. रॉयल क्रेसेंटच्या बाजूने बँडचे सूर येताहेत. छत्र्या घेतलेल्या बायका, पांढऱ्या पोशाखातली मुलं, थंडीने काकडत का होईना पण हवा खायला आलेले शहरी लोक. तुमच्या पोटात ओरड सुरू झाली असेल तर धुरी दिलेली हेरिंग, पाव, लोणी आणि कडक चहा घ्या. काटे जपून. इथून खाडीपलीकडचा ॲबी काळा दिसू लागलाय. पुढे मिना याच बाजूने पलीकडे बघणार आहे आणि कड्यावरच्या बाकावर तिच्या मैत्रिणीवर, ल्यूसीवर वाकलेली काळी आकृती तिला दिसणार आहे. स्टोकरने ढगांचे रंगही टिपून ठेवलेत. सुट्टी म्हणायची का हिला?

आता लंडन. घोड्यांच्या लिदीचा, कोळशाच्या धुराचा, ओल्या गवताचा वास एकदम अंगावर येतो. लायसियमच्या मागच्या दाराने आत चला. अर्व्हिंगला रंगमंचावर गॅसचाच उजेड हवा असतो, त्यामुळे वरच्या गॅलरीत उकाड्याने जीव कासावीस होतो. घाम, संत्र्यांच्या साली, रंगभूषेचं तेल. पडदा पडल्यावर मोठ्या पाहुण्यांची मेजवानी मागच्या बीफस्टेक रूममध्ये. त्या टेबलावर हंगेरियन प्रवासी आर्मिनियस व्हाम्बेरी जेवून गेलाय. ड्रॅक्युलाची गोष्ट त्यानेच स्टोकरला सांगितली असं अनेक पुस्तकांत वाचायला मिळतं, पण स्टोकरच्या टिपणांत त्याचा पुरावा देणारी एकही ओळ नाही. दुसरा ओळखीचा माणूस आपल्या जास्त जवळचा: रिचर्ड बर्टन. हिंदुस्थानात नोकरी केलेला, आपल्या वेताळ पंचविशीच्या कथा १८७०मध्ये इंग्रजीत नेणारा. बर्टन बोलताना त्याचा वरचा ओठ मागे सरकून सुळा लखकन दिसे, हे स्टोकरने अर्व्हिंगच्या आठवणींच्या पुस्तकात लिहून ठेवलंय. विक्रमादित्याच्या खांद्यावरच्या वेताळाला ज्याने इंग्रजी बोलायला शिकवलं त्याचे दात ड्रॅक्युलाच्या लेखकाने इतके निरखावेत, हे वाचून मला तर फार आनंद झाला होता.

रात्री दीड-दोनला थिएटर बंद करून घरी जाणारा हा माणूस वाचायचा कधी? सेंट जेम्स स्क्वेअरच्या लंडन लायब्ररीत तो १८९०मध्येच सभासद झाला. पुस्तकं घरी नेता येत. एमिली जेरार्डचा ट्रान्सिल्व्हानियातल्या लोकसमजुतींवरचा लेख, सबाइन बेअरिंग-गूल्डचं मानवी लांडग्यांवरचं पुस्तक, चार्ल्स बोनर, मेजर जॉन्सन, कार्पेथियन डोंगरांत हिंडून आलेला क्रॉस. रक्तपिपासू भुतासाठीचा नोस्फेरातू हा शब्द त्याला जेरार्डकडे मिळाला, सेंट जॉर्जच्या सणाच्या आदल्या रात्रीची भीतीही तिथूनच. स्वतः तो ट्रान्सिल्व्हानियाला एकदाही गेला नाही. आणि मंडळी, तो चक्क लायब्ररीच्या पुस्तकांत खुणा करायचा! समासात फुल्या, ओळींखाली रेघा, दुमडलेले कोपरे. ग्रंथपालाने बघितलं असतं तर कान उपटले असते. ती पुस्तकं शतकाहून अधिक काळ तशीच लोकांच्या हातांत फिरत राहिली. २०१८मध्ये तिथल्याच फिलिप स्पेडिंग यांनी टिपणांशी ताडून बघितलं तेव्हा कळलं की या खुणा कुणाच्या.

डोक्याला इजा झालेल्या माणसाचं काय होतं हे त्याने शल्यवैद्य असलेल्या भावाला, थॉर्नलीला विचारलं. आगगाड्यांच्या वेळा तपासल्या. सात वर्षं. मग १८ मे १८९७ला लायसियमच्या रंगमंचावर नाट्यहक्क राखण्यापुरतं जाहीर वाचन झालं, चार तासांहून जास्त चाललेलं. गेलाच आहात तर मागच्या रांगेत बसा. छापील मुद्रितांचे तुकडे कापून चिकटवलेली संहिता नटांच्या हातांत खुळखुळतेय. लायसियमची नटी एलन टेरी हिची मुलगी एडिथ क्रेग मिना झालीय. साधारण आठवड्याभराने पुस्तक बाजारात: पिवळी पाठ, तांबडी अक्षरं, किंमत सहा शिलिंग. छापायला देईपर्यंत त्याचं नाव ‘द अन-डेड’ होतं, आणि तेही बदललं ते बरंच झालं.

पैसा स्टोकरला या पुस्तकाने फारसा दिला नाही. १९१२मध्ये तो गेला. पुढच्या वर्षी फ्लोरेन्सने त्याचे कागद सदबीच्या लिलावात काढले. उभे राहा त्या खोलीत, घामट उन्हाळ्यात, पुस्तकविक्यांच्या गर्दीत. ड्रॅक्युलाची सगळी टिपणं दोन पौंड दोन शिलिंगांना गेली. तुमच्या खिशात तेवढे असते तर!

आज ती फिलाडेल्फियाच्या रोझेनबाख संग्रहालयात आहेत. एलिझाबेथ मिलर आणि रॉबर्ट एटीन-बिसँग यांनी २००८मध्ये ती छायाप्रतींसह छापली. पानोपान उलटून बघा. हॉटेलांच्या आणि थिएटरच्या कागदांवर लिहिलेलं, टाइप केलेलं, खोडलेलं. थडग्यांवरची नावं आहेत, बोलीतले शब्द आहेत, पेथरिकची जहाजं आहेत. नाही ते फक्त एक: माणसांना सुळावर चढवणारा वालाचियाचा राजा व्लाद. सिनेमांनी, पर्यटन कंपन्यांनी आणि वाहिन्यांनी आपल्याला पक्कं पढवलंय की स्टोकरने त्या क्रूर राजाचं चरित्र अभ्यासून ड्रॅक्युला रचला. टिपणांत व्लाद हे नाव येत नाही, सूळही येत नाहीत. विल्किन्सनच्या त्या तळटीपेत जेवढं होतं तेवढंच स्टोकरने घेतलं, बाकीचं त्याचं. तेव्हा पुढच्या वेळी कुणी तुम्हाला रंगवून रंगवून व्लादची गोष्ट सांगू लागला, तर त्याला आधी व्हिटबीच्या वाचनालयातलं ०.१०९७ क्रमांकाचं पुस्तक मागवायला सांगा.